एदुआर्दो कुतिन्यो: अर्धवट राहिलेला सिनेमा आणि टीव्हीतली नऊ वर्षं

चांदणवेल

ब्राझीलचा माहितीपटकार एदुआर्दो कुतिन्यो याचे पाच सिनेमे गेल्या दोन महिन्यांत पाहून झाले. एक प्रश्न डोक्यातून जात नाहीये, म्हणून हा धागा.

ज्यांनी नाव ऐकलेलं नाही त्यांच्यासाठी थोडी पार्श्वभूमी. जन्म १९३३, साओ पावलो. कायद्याचं शिक्षण अर्धवट सोडलं, एका मासिकात संपादकीय काम केलं. टीव्हीवरच्या प्रश्नमंजूषेत चॅप्लिनबद्दलच्या प्रश्नांची उत्तरं देऊन बक्षीस जिंकलं आणि त्या पैशांवर युरोपात जाऊन पॅरिसला सिनेमा शिकला. परत आल्यावर, १९६२ साली, विद्यार्थी संघटनेच्या सांस्कृतिक पथकाबरोबर देशभर फिरत असताना तो ईशान्येच्या पाराइबा राज्यातल्या सापे गावी पोचला. तिथल्या शेतकरी संघटनेचा नेता जुआंव पेद्रो तेशेइरा याला दोनच आठवड्यांपूर्वी जमीनदारांनी मारेकरी घालून मारलं होतं. निषेधाच्या सभेला त्याची बायको एलिझाबेथ मुलांना घेऊन आली होती. कुतिन्योने तिथे ठरवलं की या माणसावर सिनेमा करायचा. भूमिका खऱ्या शेतकऱ्यांनी करायच्या, आणि एलिझाबेथची भूमिका एलिझाबेथनेच.

१९६४ च्या सुरुवातीला शूटिंगची वेळ आली तेव्हा सापेच्या भागात रक्तपात होऊन पोलीस येऊन बसले होते, म्हणून सगळं बिऱ्हाड शेजारच्या पेर्नाम्बुको राज्यातल्या गालिलेया या वस्तीवर हलवलं. ३५ दिवस काम झालं. मग ३१ मार्चच्या रात्री लष्कराने देशाची सत्ता घेतली आणि लगेच जवान गालिलेयात शिरले. कॅमेरा, पटकथा, सामान जप्त. काही जण पकडले गेले, बाकीचे रान गाठून पळाले. निगेटिव्हचा बराचसा भाग आधीच धुवायला रिओच्या लॅबमध्ये गेला होता, तेवढाच वाचला.

१७ वर्षांनी, १९८१ साली, कुतिन्यो ते तुकडे घेऊन परत त्याच माणसांकडे गेला. 'काब्रा मार्कादो पारा मोरेर' १९८४ मध्ये पूर्ण झाला.

आता प्रश्न. १९७५ ते १९८४ अशी नऊ वर्षं हा माणूस ग्लोबो या टीव्ही कंपनीत नोकरी करत होता. ज्या लष्करी राजवटीने त्याचा सिनेमा मोडला, तिच्याच काळात वाढलेली ही कंपनी. त्याच समूहाच्या वर्तमानपत्राने १९६४ च्या उठावाला दिलेला पाठिंबा ही चूक होती, असं २०१३ साली स्वतः छापलं. अशा ठिकाणी गेलेली नऊ वर्षं त्याच्या कारकिर्दीतून वजा करायची, की तो घडला तो तिथेच? मला दोन्ही बाजू पटतात आणि त्यामुळे झोप लागत नाही.

रानवाटा

जागा धरून ठेवतो. 'काब्रा' एकदाच पाहिलाय, आज रात्री पुन्हा पाहून सविस्तर लिहितो.

कॅमेराआडून

चांदणवेल, माझं उत्तर सरळ आहे: तो तिथेच घडला.

मी अकरा वर्षं एका वृत्तवाहिनीत कॅमेरा केला. बाइट म्हणजे वीस सेकंद. समोरच्या माणसाने श्वास घेतला की रिपोर्टर माइक काढून घ्यायचा. ही शिस्त एकदा अंगात भिनली की माणूस पूर्ण वाक्य बोलतो हेच विसरायला होतं. आता कुतिन्योचं बघा. ग्लोबोच्या ज्या कार्यक्रमासाठी तो काम करत होता, तिथे १६ एमएमच्या रिव्हर्सल फिल्मवर चित्रीकरण व्हायचं. म्हणजे कॅमेऱ्यात जी रीळ फिरली तीच कापायची, तीच दाखवायची. चूक झाली की गेली. तशा परिस्थितीत १९७६ साली औरिकुरी या गावच्या दुष्काळावर माहितीपट करताना त्याने एक शॉट ठेवला. एक शेतकरी दुष्काळात आपण कुठकुठली मुळं उकरून खाल्ली ते एकेक हातात धरून दाखवतोय, आणि शॉट तीन मिनिटांहून लांब चालतो. मध्ये कट नाही, वर निवेदकाचा आवाज नाही. टीव्हीवर, लष्करी राजवटीत, सेन्सॉर डोक्यावर बसलेला असताना!

तो शॉट मी पाहिला त्या रात्री फार अस्वस्थ झालो होतो. आपण किती माणसांचं बोलणं मध्येच तोडलं याचा हिशोब डोळ्यांसमोर येत राहिला.

१९७८ चा 'तेओदोरिको' तर त्याहून पुढे. ईशान्येतला एक बडा जमीनदार आणि राजकारणी. कुतिन्योने निवेदक काढूनच टाकला आणि त्या जमीनदारालाच बोलू दिलं. तो आपली जमीन दाखवतो, आपले नियम सांगतो, आपल्याच मजुरांना कॅमेऱ्यासमोर उभं करून प्रश्न विचारतो, आणि ते बिचारे मालकाला हवी ती उत्तरं देतात. सेन्सॉरने काय कापायचं? माणूस स्वतःचं कौतुक करतोय. आणि बघणाऱ्याला सगळं कळतंय.

फिरस्ता_७२

कॅमेराआडून, तुमचा अनुभव मोलाचा आहे, पण निष्कर्षाशी सहमत नाही.

त्या नऊ वर्षांत त्याचं वय होतं ४२ ते ५१. हा दिग्दर्शकाचा ऐन उमेदीचा काळ. एखाद-दुसरा चांगला शॉट आणि दोन-तीन चांगले माहितीपट सोडले तर बाकीचं सगळं दर आठवड्याच्या गाड्याला जुंपून केलेलं काम आहे. तुरुंगात माणूस चांगलं पुस्तक लिहितो म्हणून तुरुंगाला शाळा म्हणायचं का? 'वनवासात राम घडला' हे आपण नंतर म्हणतो, वनवास ज्याने भोगला त्याला विचारा. घर चालवायचं म्हणून त्याने नोकरी धरली, त्यात कमीपणा काहीच नाही. पण तिला घडण्याचा काळ म्हणणं म्हणजे त्या राजवटीने त्याचं जे नुकसान केलं ते पुसून टाकणं आहे. हे मला बोचतं.

चांदणवेल

फिरस्ता, हेच ते. तुमचा प्रतिसाद वाचला की तुमचं पटतं, त्यांचा वाचला की त्यांचं.

म्हादई

नमस्कार. मी गोव्याचा. पोर्तुगीज आजीच्या तोंडून ऐकत वाढलो, नंतर रीतसर शिकलो, म्हणून नावाबद्दल थोडं अवांतर.

'काब्रा' म्हणजे शब्दशः शेळी. त्यामुळे 'कापायला काढलेला बोकड' असा अर्थ ऐकणाऱ्याच्या मनात येतोच. पण ब्राझीलच्या ईशान्येत 'काब्रा' म्हणजे माणूस, बाप्या. जमीनदाराच्या पदरी राबणारा किंवा त्याच्यासाठी हत्यार उचलणारा माणूसही काब्राच. इंग्रजी नावांत हे सगळं सपाट झालंय. मराठीत मात्र आपल्याकडे नेमका शब्द आहे: गडी. शेतावरचा गडी, खेळातला गडी, 'भारी गडी आहे' मधला गडी. 'मरणाची खूण लागलेला गडी.' हे शब्द मुळात कवी फेर्रेरा गुलार याच्या १९६२ सालच्या एका कवितेच्या शीर्षकातले आहेत. तिथल्या जत्रांत दोरीवर टांगून विकतात त्या पोवाड्यासारख्या चोपड्यांच्या ढंगात त्याने ती लिहिली होती. पुढे सिनेमातलं बरंचसं निवेदनही गुलारच्याच आवाजात आहे.

सोनचाफा

गडी! काय नेमका शब्द सापडलाय. म्हादई, तुम्ही इथे लिहीत राहा.

(माझ्या मुलाने मागून स्क्रीनवर नाव वाचून विचारलं, "आई, हा लिव्हरपूलला होता तोच का?" त्याला सांगितलं की नाही, पण पास द्यायला हाही तितकाच तयार होता. चेंडू कायम समोरच्याकडे.)

कॅमेराआडून

सोनचाफा, "चेंडू कायम समोरच्याकडे" हे मी वहीत लिहून ठेवतोय.

पाणंद

धागा वाचून पहिल्यांदाच लिहितेय. मी ऊसतोड कामगार बायकांच्या मुलाखती घेते, अभ्यासाचा भाग म्हणून. मला कुतिन्योबद्दल एक विचारायचंय. कुठेतरी वाचलं की तो बोलणाऱ्या माणसांना पैसे द्यायचा. हे खरं आहे का? कारण आम्हाला शिकवलंय की पैसे दिले की उत्तर विटाळतं. आणि दुसरीकडे मी एका बाईचा अख्खा तास घेते, तिची तेवढी मोळी कमी बांधून होते, मजुरी बुडते, आणि मी चहा पिऊन निघून येते. मला ते नीट वाटत नाही. दोन वर्षं हा काटा मनात आहे.

कॅमेराआडून

पाणंद, खरं आहे. आणि त्याने ते लपवलं नाही हे जास्त महत्त्वाचं. 'सांतो फोर्ते' (१९९९) रिओमधल्या एका फावेलात, म्हणजे झोपडवस्तीत, चित्रित झालाय, माणसं आपल्या देवाधर्माबद्दल बोलतात, अंगात येण्याबद्दल, आत्म्यांबद्दल. त्यात बोलणं संपल्यावर बाईला मानधन दिलं जातं ते दृश्य सिनेमातच ठेवलंय. कॅमेरा, माइक, खोलीत घुसलेली पाच-सहा माणसं, हे सगळं तो दाखवायचा. भेट ठरवून झालीय, एका बाजूला कॅमेरा आहे आणि दुसऱ्या बाजूला नाही, हे झाकायचं नाही.

त्याच्या आधीचा 'बोका दे लिशो' पण बघा, कचऱ्याच्या डेपोवर काम करणाऱ्या माणसांवरचा. सुरुवातीला लोक तोंडं झाकतात, आणि एक पोरगा थेट विचारतो की हे यंत्र आमच्या तोंडासमोर धरून तुम्हाला मिळतं काय. कुतिन्योने हा प्रश्न पहिल्याच काही मिनिटांत ठेवला. मग तो काय करतो, तर चित्रित केलेल्या चेहऱ्यांचे कागदावर छापे काढून घेऊन जातो आणि डेपोवर वाटतो. लोक एकमेकांना ओळखतात, हसतात, "ही बघ ही," म्हणून हाका मारतात. तिथून बोलणं सुरू होतं.

पाणंद

छापे वाटायचे. हे मी करू शकते, पुढच्या हंगामात नक्की करेन. मजुरीचं काय करायचं ते मार्गदर्शकांशी पुन्हा बोलते, आणि या वेळी गप्प बसणार नाही.

उजनीकाठ

'काब्रा' काल रात्री पाहिला, या धाग्यामुळे. एक गोष्ट कोणी लिहिली नाही म्हणून लिहितो.

उठावानंतर एलिझाबेथ लपून राहिली ते साओ राफाएल नावाच्या लहान गावी, हिओ ग्रांदे दो नोर्ते राज्यात. नाव बदललं. अकरा मुलं झालेली बाई, त्यातला एकच मुलगा सोबत, बाकीची नातेवाइकांकडे विखुरलेली. लोकांचे कपडे-भांडी धुवायची आणि गावातल्या पोरांना अक्षर ओळख करून द्यायची. सोळा-सतरा वर्षं तिथल्या कोणाला ती खरी कोण हे माहीत नव्हतं. कुतिन्योचा कॅमेरा तिथे पोचला तेव्हा शेजाऱ्यांना पहिल्यांदा कळलं.

मी नंतर नकाशावर ते गाव शोधलं. सिनेमात दिसतं ते साओ राफाएल आता नाही. त्यानंतर दोनेक वर्षांत धरणाच्या पाण्याखाली गेलं, लोकांना नव्या जागी वसवलं. आमचं जुनं गावही उजनीच्या पाण्यात आहे. उन्हाळ्यात पाणी उतरलं की वडील काठावर नेऊन दाखवायचे, ती आपली आळी, तो पार. त्यामुळे एलिझाबेथ त्या अंगणात उभी राहून बोलतेय आणि मागे पोरं गोळा झालीत, ते दृश्य मी थांबवून फक्त मागच्या भिंती बघत बसलो. त्या गावच्या लोकांसाठी केवढा ठेवा असेल तो.

चांदणवेल

उजनीकाठ, तुमचा प्रतिसाद वाचून गलबलून आलं. त्या घरातलं आणखी एक लक्षात आलं का? पहिल्या दिवशी थोरला मुलगा बाजूला उभा आहे. तोच कुतिन्योला आईपर्यंत घेऊन आलाय. तो मध्ये मध्ये बोलतो, आई सावध बोलते, देशात जरा मोकळीक आणली म्हणून राष्ट्राध्यक्षांचे आभारही मानते. पुढे मुलगा समोर नसतो तेव्हा तीच बाई हळूहळू वेगळी बोलायला लागते. आणि निघायच्या वेळी, गाडी सुरू करायची वेळ झाली तरी ती खिडकीपाशी उभी राहून बोलतेच आहे: भूक आहे, तुटपुंजी मजुरी आहे, तोवर लढा कसा थांबेल. सतरा वर्षं मिटलेलं तोंड तीन दिवसांत कसं उघडत जातं ते डोळ्यांनी दिसतं.

सोनचाफा

+१. खिडकीजवळचं ते बोलणं मी चार वेळा मागे नेऊन ऐकलं.

मुक्ता_रिओ

मी सहा वर्षांपासून रिओत राहते, नवऱ्याच्या नोकरीमुळे आले. इथे कुतिन्योचं नाव काढलं की लोक आधी 'एदिफीसिओ मास्टर' (२००२) म्हणतात, त्यामुळे त्याबद्दल.

कोपाकबानात समुद्रापासून एक गल्ली आत ती इमारत आहे. बारा मजले, २७६ खोल्या, एकेका मजल्यावर २३. कुतिन्योच्या चमूने त्यातलीच एक खोली महिनाभर भाड्याने घेतली. आधी सहकारी जाऊन रहिवाशांशी बोलून यायचे, तो त्यांच्या टेपा बघायचा, पण चित्रीकरणाआधी स्वतः कोणाला भेटायचा नाही. कारण माणूस आपली गोष्ट पहिल्यांदा सांगतो तशी दुसऱ्यांदा सांगत नाही. चित्रीकरण आठवड्याभरात उरकलं. अंतिम सिनेमात ३७ माणसं आहेत.

त्यात इमारतीचा व्यवस्थापक आहे. तो सांगतो की मी आधी पियाजे (बालमानसशास्त्रज्ञ) वापरतो, म्हणजे समजुतीने घेतो, आणि ते चाललं नाही की पिनोशे (चिलीचा हुकूमशहा). एक तरुण मुलगी पोटासाठी शरीरविक्रय करते हे शांतपणे सांगते, मग म्हणते की मी खोटं फार खरं बोलते. एक आहे जिला समोरच्याच्या डोळ्यांत बघताच येत नाही. आणि एक म्हातारे गृहस्थ एकटे राहतात, अमेरिकेत काम करून आलेले, ते टेपवर फ्रँक सिनात्राचं गाणं लावून त्याच्याबरोबर मोठ्याने गातात. माझ्या शेजारच्या आजींना मी हा सिनेमा माहितेय का विचारलं, तर म्हणाल्या, "आमच्या इमारतीत का नाही आला?" इथल्या माणसांना तो असा आपला वाटतो.

मला इथे आल्यावर पहिलं वर्ष फार एकटं गेलं. लिफ्टमध्ये रोज दिसणाऱ्या माणसांशी बोलायला लागले ते हा सिनेमा पाहिल्यानंतर.

रानवाटा

"आधी पियाजे, मग पिनोशे" हे आमच्या सोसायटीच्या सेक्रेटरींना ऐकवलं. ते म्हणाले, "दोन्ही करून पाहिलं. पार्किंगला काहीच चालत नाही."

फिरस्ता_७२

तीन दिवस लिहिलं नाही कारण 'तेओदोरिको' मिळवून पाहिला, मग 'काब्रा' पुन्हा पाहिला.

कॅमेराआडून, मी थोडा सरकलोय. पूर्ण नाही.

'काब्रा'मध्ये १९६४ साली जुआंव पेद्रोची भूमिका केलेला माणूस १९८१ ला भेटतो तो प्रसंग आठवतोय? तो धार्मिक माणूस, जुन्या भानगडीत पुन्हा अडकायची इच्छा नाही. कसाबसा बोलायला लागतो, आणि तेवढ्यात ध्वनिमुद्रण करणारा वाऱ्याचा आवाज येतोय म्हणून थांबवतो. पुन्हा सुरू करतात, तर तो गप्प. कुतिन्यो त्याला विनवतो, तुमचं चाललं होतं ते बोला. ती शांतता किती तरी वेळ चालते. दुसऱ्या कोणीही हे कापलं असतं. कुतिन्योने आपलीच चूक सिनेमात ठेवली. त्याला कळलं होतं की बोलणं मध्ये तोडलं की काय होतं. हे टीव्हीत नऊ वर्षं रीळ फिरताना बघितल्याशिवाय कळलं असतं का? कदाचित नसतंच.

पण मग मी त्याच्या सिनेमांची सालं कागदावर मांडली, आणि मला वाटतं चांदणवेल, आपण चुकीच्या वर्षांवर भांडतोय. 'काब्रा' १९८४ ला आला, पुढच्या वर्षी बर्लिनमध्ये समीक्षकांचा पुरस्कार, पॅरिसलाही सन्मान. देशातला सगळ्यात महत्त्वाचा माहितीपट म्हणून नाव झालं. आणि मग? पुढची पंधरा वर्षं तो स्वयंसेवी संस्थेसाठी व्हिडिओ करत होता. सांता मार्ता फावेलावर एक, डेपोवरचा तो एक, मध्ये गुलामगिरीच्या आठवणींवर एक मोठा सिनेमा जो वर्षानुवर्षं रखडला. १९९० ला नव्या राष्ट्राध्यक्षांनी सरकारी चित्रपट महामंडळच बंद केलं आणि ब्राझीलमध्ये सिनेमा निघणं जवळजवळ थांबलं. त्या काळात त्याच्यावर कोणी बंदूक रोखली नव्हती, नोकरीचीही सक्ती नव्हती. लोकशाही आली होती. आणि तरी या माणसाला सिनेमा करायला पैसे मिळत नव्हते.

मला आता राग त्या वर्षांचा येतो. १९७५ ची नोकरी मला समजू शकते.

चांदणवेल

फिरस्ता, हा विचार मी केलाच नव्हता. सालं मीही मांडून पाहिली. 'सांतो फोर्ते' १९९९ चा, म्हणजे तो ६६ वर्षांचा होता. आणि तिथून पुढे २०११ पर्यंत जवळपास वर्ष-दोन वर्षांनी एक सिनेमा. फावेलातली ३१ डिसेंबर १९९९ ची रात्र, कोपाकबानाची इमारत, लुलाबरोबर (पुढे राष्ट्राध्यक्ष झालेला कामगार नेता) संपात उतरलेले धातुकामगार, पाराइबातले म्हातारे शेतकरी, रंगमंचावरच्या बायका. लोक निवृत्त होतात त्या वयात.

कॅमेराआडून

त्याचं एक साधं कारण आहे: व्हिडिओ स्वस्त झाला. फिल्मच्या रिळात दहा मिनिटं मिळायची आणि प्रत्येक मिनिटाला पैसे. व्हिडिओवर माणूस तासभर बोलला तरी चालतं. 'सांतो फोर्ते' व्हिडिओवर चित्रित करून नंतर ३५ एमएमवर घेतलाय. म्हणजे ज्या पंधरा वर्षांवर फिरस्ता चिडलेत, त्याच वर्षांत स्वयंसेवी संस्थेचे व्हिडिओ करता करता त्याला आपलं हत्यार सापडलं. (फिरस्ता, रागावू नका. मी पुन्हा तेच म्हणतोय हे मला कळतंय.) दुसरं म्हणजे जुआंव मोरेरा सालेस या निर्मात्याची साथ. पाठीशी उभी राहणारी एक माणूस-संस्था लागते.

फिरस्ता_७२

रागावलो नाही. पण तो निर्माता दहा वर्षं आधी भेटला असता तर आपल्याला आणखी पाच सिनेमे मिळाले असते, हे मी सोडणार नाही.

घंटा_तिसरी

नाटकवाली आहे, म्हणून 'जोगो दे सेना' (२००७) बद्दल लिहिल्याशिवाय जाता येणार नाही.

त्याने वर्तमानपत्रात जाहिरात दिली: अठरा वर्षांवरच्या, रिओत राहणाऱ्या, सांगण्यासारखी गोष्ट असलेल्या बायकांनी यावं. ८३ जणी आल्या. त्यातल्या २३ जणींना रिओतल्या एका नाट्यगृहात, रिकाम्या खुर्च्यांकडे पाठ करून बसवलं आणि बोलतं केलं. मग त्याच गोष्टी काही नट्यांना दिल्या. काही खूप प्रसिद्ध, काही अजिबात अनोळखी. आणि मग सगळं एकत्र विणलं. एक बाई आपली गोष्ट सांगतेय, तुमच्या डोळ्यांत पाणी आहे, आणि ती कॅमेऱ्यात बघून सांगते की हे तिचं नव्हेच, दुसरीचं आहे. तुमचं पाणी मात्र खरं होतं.

त्यात फर्नांदा तोरेस आहे, तीच जिला २०२५ मध्ये गोल्डन ग्लोब मिळाला. ती मध्येच अडते. म्हणते जमत नाहीये. पुन्हा सुरू करते, पुन्हा अडते. समोर खऱ्या बाईचं बोलणं आहे आणि ते पेलत नाहीये. मी वीस वर्षं नाटक करतेय, नटी अडखळते ते इतकं उघडं मी कुठेच पाहिलेलं नाही. आमच्या तालमीत आता नवी मुलगी अडली की मी थांबवत नाही, अडू देते.

पाणंद

घंटा_तिसरी, मी कालच पाहिला. मला कोण खरी, कोण नटी, शेवटपर्यंत दोघींबाबत कळलं नाही, आणि मग त्याचं काही वाटेनासं झालं.

सोनचाफा

त्याचा शेवट कसा झाला ते वाचून वाईट वाटलं. २ फेब्रुवारी २०१४, रिओतल्या घरी, मनोविकाराने ग्रासलेल्या मुलाच्या हातून. ऐंशी वर्षांचा होता. इथे त्यावर जास्त चर्चा नको असं मला वाटतं, त्या घराचं दुःख त्या घराचं.

पण त्याचा शेवटचा सिनेमा मात्र सगळ्यांनी बघा. 'उल्तिमास कोन्व्हेर्सास', शाळकरी मुलामुलींशी गप्पा. तो गेल्यावर जॉर्दाना बेर्ग या त्याच्या संकलिकेने आणि सालेस यांनी पूर्ण केला. सुरुवातीला कुतिन्यो स्वतःच खुर्चीत बसून कुरकुरतोय, हे जमत नाहीये, या पोरांपेक्षा लहान मुलांशी बोलायला हवं होतं. आणि शेवटी येते सहा वर्षांची एक मुलगी. तिला तो देवाबद्दल विचारतो, आणि ती म्हणते, देव म्हणजे तो माणूस जो मेला. त्याचा चेहरा तेव्हा आपल्याला दिसत नाही, पण आवाजातला आनंद ऐका.

मुक्ता_रिओ

सोनचाफा, इथे अजूनही लोक त्याची गोष्ट निघाली की आवाज खाली करतात. आणि मग त्याच्या सिगारेटींबद्दल सांगून हसतात.

उजनीकाठ

मूळ प्रश्नाबद्दल माझं मत, उशिरा का होईना. वजा करायचं की नाही हे आपण ठरवायचं नाही. गालिलेयाच्या लोकांनी काय केलं ते बघा. त्यांनी १९५५ साली संघटना काढली, त्यामागे एक कारण शवपेटीचं होतं. गरीब मेला की नगरपालिकेची पेटी मिळायची, त्यात घालून न्यायचं, खड्ड्यात उतरवायचं आणि पेटी परत द्यायची. त्यांना आपल्या माणसांना स्वतःच्या पेटीत पुरायचं होतं. त्यातून एवढी मोठी चळवळ झाली, १९५९ ला जमीन मिळाली, १९६४ ला सगळ्यावर नांगर फिरला. त्यातला एक म्हातारा सहा वर्षं तुरुंगात होता, मारहाणीत एक डोळा गेला. १९८१ ला कुतिन्योने भिंतीवर पडदा लावून वाचलेली फिल्म दाखवली तेव्हा ही सगळी माणसं येऊन बसली आणि आपलंच तरुण रूप बघून खूश झाली. "हा बघ तू," "तो बघ मी." त्यांनी सतरा वर्षांचा हिशोब त्या रात्री मागितला नाही. तो अजून आला, फिल्म घेऊन आला, एवढंच त्यांनी पाहिलं.

कॅमेराआडून

उजनीकाठ, साष्टांग.

फिरस्ता_७२

हे पटलं. तरी मी हिशोब मागणार, कारण त्यांना मागता येत नव्हता. पण पटलं.

चांदणवेल

मीही आज शांत झोपेन बहुतेक. एक सुचलं, बोलू का? आपल्यातल्या बऱ्याच जणांच्या घरी आई-वडील, सासूबाई आहेत ज्यांना इंग्रजी सबटायटल्स झेपत नाहीत. 'काब्रा'मधले एलिझाबेथचे प्रसंग तरी मराठीत करायला घ्यायचे का? घरी दाखवण्यापुरते. म्हादई, मुक्ता, तुमच्याशिवाय होणार नाही.

म्हादई

आनंदाने. पाराइबाच्या खेड्यातली बोली आहे, आजीची पोर्तुगीज कमी पडेल, पण मुक्ताताई असतील तर जमेल.

मुक्ता_रिओ

आहे ना. आमच्या इमारतीचे पहारेकरी काका पाराइबाचेच आहेत, अडलेले शब्द त्यांना विचारते. कुठून सुरू करायचं?

उजनीकाठ

गाडीच्या खिडकीपासून. माझ्या आईला ते आधी दाखवायचंय.